सासूबाईंचं शेत मी इन्स्टॉल केलं

इन्स्टॉल करणं या कामात माझा हात धरणारा आमच्या अख्ख्या नात्यागोत्यात कोणी नाही! संगणक असो, मोबाईल असो, टीव्हीला जोडायचा गेमचा डबा असो, नवीन यंत्र कोणाच्याही घरी आलं की खोका फोडण्याचा मान माझा. पुतण्याच्या कन्सोलवर मोटारींच्या शर्यतीचा गेम मीच टाकून दिला. त्यातल्या मोटारी आता उलट्या धावतात, पण धावतात ना! मेव्हणीच्या मोबाईलवर शब्दकोड्यांचा गेम मीच टाकला. तेव्हापासून तिचा अलार्म वाजत नाही म्हणतात, पण त्याचा माझ्याशी संबंध आहे हे अजून कोणी सिद्ध केलेलं नाही.

माझी पद्धत अगदी साधी आहे. यंत्र जे काही विचारेल त्याला धडाधड 'हो' म्हणत सुटायचं. 'मान्य आहे का?' हो. 'परवानगी आहे का?' हो. 'पुढे जायचं का?' मग काय इथे बसायला आलोय? मधला बारीक मजकूर वाचत बसणारी माणसं भित्री असतात, असं माझं ठाम मत होतं. यातला 'होतं' कृपया नीट वाचा.

तर आमच्या सासूबाई आमच्याकडेच राहतात. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये त्यांची उभी हयात गेली. लोकांचे आवाज ऐकून ऐकून कान असे तयार झालेत की नुसत्या 'हॅलो'वरून त्या माणूस ओळखतात आणि दुसऱ्या वाक्याला खोटं ओळखतात. बोलतात कमी. पण जे बोलतात ते इतकं स्वच्छ आणि सावकाश, की समोरच्याला उगाच आपण काहीतरी लपवतोय असं वाटायला लागतं. मला तर लग्नापासून वाटतंय.

त्यांना नाद एकच, टॅबवरचा शेतीचा गेम. वाफे काढायचे, पेरायचं, पाणी घालायचं, कोंबड्यांना दाणे टाकायचे. तो टॅब इतका म्हातारा झाला होता की चार्जर काढला की लगेच मान टाकायचा. सासूबाई बहिणीकडे आठवडाभर राहायला गेल्या, तेव्हा बायको म्हणाली, "अहो, आईचा वाढदिवस येतोय. ती यायच्या आत नवा टॅब आणून त्यावर तिचं शेत घालून ठेवू या. कसली खूश होईल!"

दुकानदार भला माणूस. म्हणाला, "साहेब, जुना टॅब घेऊन या, मी गेमबिम सगळं बदलून देतो."

मी नुसता हसलो. बायकोनं माझी बाही ओढली. "अहो, देऊ देत ना त्यांना करून."

"अगं, घरात विहीर असताना शेजाऱ्याकडे पाणी कशाला मागायचं?"

 बायको दुकानदाराकडे बघून, माफी मागावी तशी हसली.

घरी आल्यावर मी दोन्ही टॅब पलंगावर शेजारी शेजारी ठेवले. कंपनी एकच, आकार एकच, रंगही एकच. जुन्या टॅबला सासूबाईंनी स्वतः विणलेलं जांभळ्या लोकरीचं कव्हर होतं. मला एक सुंदर कल्पना सुचली. हे कव्हर नव्या टॅबला घातलं, तर सासूबाईंना हातात घेताना परकं वाटणार नाही! लगेच घातलं. जावई असावा तर असा, असं मी स्वतःशीच म्हणालो आणि माझं मला पटलंसुद्धा.

मग नव्या टॅबवर गेम टाकला. नवखा शेतकरी आला म्हणून गेमने त्याला उजाड जमिनीचा एक तुकडा आणि एक कोंबडी बहाल केली. मग मी सासूबाईंचं खातं जोडलं. जुन्या टॅबवर 'परवानगी द्यायची का?' असं आलं. हो! नव्यावर चक्र फिरायला लागलं. ते फिरतंय तोवर आत जाऊन चहा प्यालो, परत आलो आणि पलंगावरचा जांभळ्या कव्हरचा टॅब उचलला. स्क्रीनभर एक चौकट आली होती.

'या खात्यावर दोन शेतं सापडली. एकच ठेवता येईल. या यंत्रावरचं शेत ठेवायचं, की आधी साठवलेलं?'

आता बघा माझं डोकं कसं धावलं. हातात काय? जांभळं कव्हर. जांभळं कव्हर कोणाचं? सासूबाईंचं. म्हणजे हा त्यांचा टॅब. म्हणजे या यंत्रावरचं शेत त्यांचं! मी बटण दाबलं.

'नक्की?'

"नक्की!"

'दुसरं शेत पुसलं जाईल.'

"पुसा!" मी मोठ्यानं म्हणालो.

"काय पुसायचंय?" बायकोनं स्वयंपाकघरातून विचारलं.

"काही नाही, तुझं चालू दे!"

चौकट मिटली. समोर उजाड जमीन. मधोमध एक कोंबडी. तिनं माझ्याकडे पाहिलं. मी तिच्याकडे पाहिलं. मग मी हळूच कव्हर काढलं. टॅबच्या पाठीवर दुकानातला चकचकीत कागद अजून तसाच होता. घाईघाईनं दुसरा टॅब उघडला. तिथेही तीच जमीन आणि तीच कोंबडी!

माझ्या तोंडचं पाणी पळालं.

तुम्ही म्हणाल, एवढं काय त्यात, गेमच तर आहे! मीही दुसऱ्या कोणाला तेच म्हणालो असतो. पण त्या शेताच्या कडेला लिंबाच्या झाडांची एक रांग होती. माझे सासरे शेवटचे काही महिने अंथरुणावर होते, तेव्हा नवराबायको मिळून हा गेम खेळायचे. ती लिंबं सासऱ्यांनी लावली. बोट थरथरायचं, म्हणून रांग सरळ आलीच नाही, तिरकी तिरकी जात कुंपणाला जाऊन टेकली. ते गेल्यावर सासूबाईंनी सगळं शेत कितीदा नव्यानं मांडलं, पण त्या रांगेला हात लावला नाही. सकाळी उठल्यावर पहिलं पाणी त्या लिंबांना. ते झालं की मगच बाकीचं जग. आणि ती रांग मी 'पुसा' म्हणून ओरडून पुसली होती! मला स्वतःची इतकी लाज वाटली की मी कोंबडीकडेसुद्धा पुन्हा बघू शकलो नाही.

"झालं का हो?" बायको पदराला हात पुसत दारात आली.

मी घाईनं कव्हर पुन्हा चढवून दोन्ही टॅब उशीखाली सारले. "होतंय. अपडेट चाललंय. मोठं आहे."

"आईच्या लिंबांना पाणी घातलंत ना? जाताना दहादा बजावून गेलीय ती."

"घातलं की!"

हे पहिलं खोटं. आणि खोट्याचं असं असतं की ते एकटं राहत नाही, लगेच भावंडं गोळा करतं. संध्याकाळी सासूबाईंचा फोन आला. बायकोनं स्पीकर लावून फोन माझ्यासमोर धरला. मी हातवारे करून 'मी नाही, मी नाही' म्हणत होतो.

"जावईबापू, शेत कसं आहे?"

"मोकळं आहे, आई... म्हणजे मोकळी हवा! छान! हिरवंगार!"

 पलीकडून आलं, "बरं." त्या एका 'बरं'ने मला रात्रभर कुशीवर वळायला लावलं.

सकाळी उठलो तो निश्चय करूनच. शेत पुन्हा उभं करायचं! शेवटी तो गेमच आहे, दाबली बटणं की उगवलं शेत! पण घरात खेळायची सोय नव्हती, बायको सारखी 'अपडेट कुठवर आलं?' म्हणून डोकावत होती. तेव्हा मी ठरवलं, ऑफिसच्या संगणकावर गेम टाकायचा आणि आधी स्वतःच्या नावानं शेती शिकून घ्यायची.

आता माझं ऑफिस म्हणजे लिफ्ट बनवणाऱ्या कंपनीचा तक्रार विभाग. आम्ही ओळीनं कानाला हेडफोन लावून बसतो. लिफ्टमध्ये अडकलेली माणसं आतलं लाल बटण दाबतात आणि आमच्याशी बोलतात. आम्ही त्यांना ठरलेली वाक्यं ऐकवतो. 'घाबरू नका. दरवाजा उघडायचा प्रयत्न करू नका. मदत येते आहे.' तेवढ्यात मदतही खरोखर येते, बहुतेक वेळा.

ऑफिसच्या संगणकांवर काहीही टाकायला बंदी आहे. संगणक विभागातला एक माणूस सगळ्याला कुलपं घालत फिरतो, म्हणून आम्ही त्याला कुलूपवालाच म्हणतो. पण जेवणाच्या सुट्टीत तो खाली गेला आणि मी माझ्या पद्धतीनं कामाला लागलो. मान्य आहे? हो. पुढे? हो. 'शेतातले आवाजही सोबत घ्यायचे का?' हो हो, सगळं घे, पण लवकर घे! सुट्टी संपेपर्यंत माझे चार वाफे पेरून झाले होते आणि बक्षीस म्हणून गेमनं एक गाय, एक कोंबडा आणि आणखी कोंबड्याही दिल्या होत्या. बरं वाटलं. तेवढ्यात पहिला फोन आला.

"हॅलो, मी लिफ्टमध्ये अडकलोय!" एक गृहस्थ घाबऱ्या आवाजात म्हणाले.

"घाबरू नका, साहेब. दरवाजा उघडायचा प्रयत्न..."

"कुकूच कू!" माझ्या संगणकातून, माझ्याच हेडफोनमार्फत, थेट त्या गृहस्थांच्या लिफ्टमध्ये!

"हे काय होतं?"

"काही नाही, साहेब. लाईनमध्ये खरखर आहे."

"खरखर? अहो, कोंबडा आरवला!"

मी आवाज बंद करायला गेलो आणि चुकून गोठ्याचं दार उघडलं. गाय हंबरली. मग तिच्या मागून सगळ्या कोंबड्या. मी एका हातानं माऊस आपटतोय, दुसऱ्या हातानं हेडफोनचं तोंड दाबतोय आणि तोंडानं "मदत येते आहे, मदत येते आहे" चालू!

"कसली मदत? बैलगाडीनं येतेय का?" गृहस्थ ओरडले. "मी इथे अंधारात उभा आहे आणि तुम्ही तिकडे गुरं राखताय? तुमचे साहेब कुठे आहेत?"

आमचे साहेब माझ्या मागेच उभे होते.  त्यांनी पडद्यावरची गाय, माझे चार वाफे आणि मी, असं क्रमानं पाहिलं आणि कुलूपवाल्याला हाक मारली. त्यानं सगळ्या विभागासमोर माझ्या संगणकावरचा गेम काढून टाकला. काढताना यंत्रानं विचारलं, 'तुमच्या कोंबड्यांना सोडून जायचंय का?' कुलूपवाल्यानं ते मोठ्यानं वाचून दाखवलं आणि मग माझ्याकडे वळून विचारलं, "काय करू, मालक?"

शेजारच्या टेबलावरच्या मॅडम हसू दाबता दाबता टेबलाखाली गेल्या. मी खाली मान घालून 'सोडा' म्हणालो.

आणि इतकं होऊन पदरात काय पडलं? तेवढ्या वेळात मला एक गोष्ट कळली होती. या गेममध्ये लिंबाची रोपं मिळायला कित्येक महिने शेती करावी लागते. आणि मिळाली तरी ती लावणार कोण? मी! मी लावलेली तिरकी रांग ही नुसती तिरकी रांग. तिचा काय उपयोग?

उपाय एकच उरला होता. गेमच्या कंपनीला फोन करायचा. आता, आयुष्यभर तक्रारी ऐकणाऱ्या माणसाला तक्रार करायला किती जीवावर येतं, ते दुसऱ्याला कळायचं नाही. 'आपली गैरसोय आम्ही समजू शकतो' हे वाक्य बोलताना पलीकडचा माणूस नखं कापत असतो, हे मला पक्कं ठाऊक. मीच कापतो. त्यात आणखी अडचण म्हणजे खातं सासूबाईंच्या नावावर, तेव्हा बोलायला त्याच हव्यात. म्हणजे त्यांना सांगायला हवं. सांगायचं म्हणजे... छे छे! त्यापेक्षा मीच सासूबाई होतो, असं मी ठरवलं.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात एकांताची जागा शोधायला लागलो. आमच्या ऑफिसच्या पुढच्या दालनात गिऱ्हाइकांना दाखवायला ठेवलेली एक लिफ्ट आहे. आतून आरसा, दिवे, पितळी दांडा, सगळं खरं. फक्त ती वर जात नाही आणि खालीही येत नाही, अगदी माझ्या नोकरीसारखी. मी आत शिरलो, दार बंद केलं, घसा खाकरला आणि नंबर लावला.

"नमस्कार! आपली गैरसोय आम्ही समजू शकतो," एक मुलगी म्हणाली.

"हॅलोऽऽ," मी शक्य तितका बारीक आवाज काढला, "माझं शेत गेलं गं, बाळा!"

"बाई, आपला आवाज जरा..."

"सर्दी! भयंकर सर्दी!"

मुलगी मात्र खरंच चांगली होती. नखं वगैरे कापत नव्हती. तिनं सांगितलं, की पुसलेल्या शेताची प्रत ते काही दिवस जपून ठेवतात. आमची प्रत उद्या संध्याकाळपर्यंत होती. त्यानंतर मात्र कायमची जाणार.

"अगं, मग आण ना परत!" आनंदानं माझा आवाज आणखी एक पट्टी वर गेला. मी मागे रेललो.

"आणते. फक्त ओळख पटवण्यासाठी तुम्ही खातं उघडताना ठरवलेला एक प्रश्न विचारते. 'या शेताला सर्वांत मोठा धोका कशाचा?'"

मी गडबडलो. हा प्रश्न सासूबाईंनी कधी लिहिला? पण शेतीचाच प्रश्न आहे, त्यात काय अवघड!

"कीड!" मी म्हणालो.

"नाही, बाई."

"टोळधाड!"

"नाही. आता एकच संधी आहे. नीट आठवा."

मी डोळे मिटले. आठवायला काही असतं तर आठवलं असतं! उद्या संध्याकाळ, तिरकी रांग, सासूबाईंचं 'बरं', सगळं एकदम डोळ्यांपुढे आलं आणि मी जीव खाऊन किंचाळलो, "महापूऽऽर!"

"चूक. माफ करा, बाई, आता फोनवर काही करता येणार नाही. खातेदारांनी स्वतः व्हिडिओवर यावं लागेल."

आणि फोन ठेवताना मला डोक्यावरच्या जाळीतून खरखर ऐकू आली. मग आमच्या शेजारच्या टेबलावरच्या मॅडमचा गोड आवाज आला.

"घाबरू नका, बाई. दरवाजा उघडायचा प्रयत्न करू नका. मदत येते आहे."

मी मागे वळून पाहिलं. मघापासून मी ज्याच्यावर रेललो होतो, ते लाल बटण होतं! गिऱ्हाइकांना दाखवता यावं म्हणून या लिफ्टचं बटणही थेट आमच्या विभागाला जोडलेलं आहे. म्हणजे कीड, टोळधाड आणि महापूर हे सगळं सबंध विभागानं ऐकलं होतं!

आता काय करायचं? स्वतःच्या आवाजात बोललो तर मेलो. मी त्याच बारीक आवाजात म्हणालो, "मी बरी आहे! मदत नको!"

"हो, बाई, तुम्ही अगदी बऱ्या आहात," मॅडम समजूत काढत म्हणाल्या. मग बाजूला वळून कुजबुजल्या, पण मला ऐकू आलं. "साहेब, बाई भ्रमात आहेत. पुराचं काहीतरी बोलताहेत. दार तोडायला सांगा."

"नको नको! माझी मी येते!" मी ओरडलो. पण माझा तोल गेला होता. दार उघडायचं बटण दाबायचं सोडून मी पंख्याचं दाबलं. बाहेर धावपळ, कोणीतरी "पाणी आणा" म्हणालं, आणि पहारीचं टोक दाराच्या फटीतून आत आलं. धरणीनं पोटात घेतलं असतं तर मी पायताण काढून आत गेलो असतो.

दार फाकलं. बाहेर अख्खा विभाग, पाण्याचा ग्लास घेतलेल्या मॅडम, पहार घेतलेला कुलूपवाला, साहेब आणि त्या दिवशी खास लिफ्टची खरेदी करायला आलेले एक बिल्डर. आत एकटा मी.

कुलूपवाल्यानं माझ्या मागे डोकावून पाहिलं. आरशामागेही हात फिरवला. "बाई कुठायत?"

"त्या... गेल्या," मी म्हणालो.

"कुठे गेल्या?" साहेब गरजले. "अहो, ही लिफ्ट कुठेच जात नाही!"

 मॅडमनी हातातला ग्लास मला दिला. मी पाणी प्यालो. बिल्डर साहेबांना म्हणाले, "आपण पुन्हा कधीतरी भेटू," आणि जिन्यानं उतरून गेले. लिफ्टची चौकशी करायला आलेला माणूस जिन्यानं गेला, हे साहेबांनी मला नंतर केबिनमध्ये बोलावून वेगवेगळ्या शब्दांत पुष्कळ वेळ समजावून सांगितलं.

घरी आलो तो दारातच सासूबाईंच्या चपला! बायकोनं डोळ्यांनीच खुणावलं, की आई लवकर आली. मी आत पाहिलं. त्या खिडकीशी खुर्चीवर बसल्या होत्या. मांडीवर जांभळ्या कव्हरचा टॅब. चष्मा नाकावर घेऊन त्या एका बोटानं काहीतरी करत होत्या.

"या, जावईबापू," त्या वर न बघता म्हणाल्या. "कोंबडी उपाशी होती हो. तिला दाणे टाकतेय."

ओरडल्या असत्या तर मी वाद घातला असता. अपडेटचं, कंपनीचं, कव्हरचं सगळं पाठ करून आलो होतो. पण त्या माझी कोंबडी सांभाळत बसल्या होत्या! माझं सगळं पाठांतर उडालं. मी समोर जमिनीवरच बसलो.

"आई, मी पुसलं. वाचलं नाही आणि पुसलं. मग तुम्हाला खोटं सांगितलं. फोनवर तुमचा आवाज काढला. ऑफिसात..." ऑफिसचं मी जरा आवरतं घेतलं. "मला फार लाज वाटतेय, आई."

त्यांचं बोट थांबलं. "लिंबं गेली?"

"गेली."

त्यांनी चष्मा काढला, पदरानं पुसला, पुन्हा घातला.  बायको दाराला टेकून उभी होती, तिचे डोळे भरले होते आणि त्या डोळ्यांनी ती माझ्याकडे ज्या तऱ्हेनं बघत होती, ते मी इथे लिहीत नाही.

"अजून मिळतील, आई," मी घाईनं म्हणालो. "उद्या संध्याकाळपर्यंत प्रत आहे त्यांच्याकडे. पण तुम्हालाच बोलावं लागेल. एक प्रश्न विचारतात, त्याचं उत्तर मला..."

"नंबर लावा," सासूबाई म्हणाल्या.

मी नंबर लावला. टॅबवर व्हिडिओ लागला आणि आवाजावरून ओळखलं, तीच मुलगी होती. सासूबाईंनी पदर सारखा केला, ओळख दाखवली आणि स्वच्छ, सावकाश आवाजात नाव सांगितलं. मुलीनं खातं उघडून पाहिलं.

"बाई, तुमची सर्दी बरी झालेली दिसते."

"मला कधी सर्दी झाली?"

मी छताच्या पंख्याकडे बघायला लागलो. फारच धूळ बसली होती त्याच्यावर.

"असू दे," मुलगी हसून म्हणाली. "बाई, प्रश्न असा आहे. 'या शेताला सर्वांत मोठा धोका कशाचा?'"

आणि आमच्या सासूबाई, ज्यांनी उभ्या आयुष्यात कोणासमोर नजर खाली केली नाही, त्या एकदम गोंधळल्या! त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मुलीकडे पाहिलं, पदराचं टोक बोटाला गुंडाळलं.

"जावईबापू, तुम्ही जरा आत जाता का? पाणी आणा मला."

"मी आणते," बायको म्हणाली आणि जागची हलली नाही.

"आई, तुम्ही सांगा," मी मोठ्या मनानं म्हणालो. "दुष्काळ असेल, वणवा असेल, जे असेल ते सांगा. मला ऐकायचंच आहे. मी इतकं डोकं फोडलंय त्या उत्तरासाठी!"

सासूबाईंनी दीर्घ श्वास घेतला आणि एक्स्चेंजमधल्या आवाजात, अक्षर न् अक्षर सुटं करून म्हणाल्या,

"जा-व-ई."

"बरोबर!" मुलगी म्हणाली. "शेत परत आणतेय हं."

टॅबमधलं चक्र फिरायला लागलं. मी बायकोकडे पाहिलं. ती तोंडात पदर कोंबून भिंतीकडे वळली होती.

"मी नाही हो लिहिलं ते," सासूबाई कळवळून म्हणाल्या. "ह्यांनी लिहिलं. मी म्हटलंसुद्धा, असं काय लिहिता, त्यांना कळलं तर काय वाटेल? तर म्हणाले, कळायची वेळ आली तर आपलं बरोबरच होतं म्हणायचं."

एवढ्यात स्क्रीन हिरवी झाली. गाई, कोंबड्या, टोमॅटोचे वाफे आणि कडेनं कुंपणापर्यंत गेलेली ती तिरकी रांग! सासूबाईंनी माझी वाट बघितली नाही, बायकोची नाही, त्या मुलीचीही नाही. एक एक करत सगळ्या लिंबांना पाणी घातलं. शेवटच्या झाडापाशी त्यांचं बोट जरा रेंगाळलं. मला बघवेना. हातून किती मोठी गोष्ट जाता जाता राहिली, हे तेव्हा मला खरं समजलं आणि मी मनातल्या मनात सासऱ्यांची माफी मागितली.

"बाई, एक विचारू?" मुलगी अजून लाईनवर होती. "हे उत्तर आता घरात सगळ्यांना कळलंय. सुरक्षिततेसाठी दुसरं काही ठेवायचं का?"

सासूबाईंनी माझ्याकडे नीट, मायेनं, वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाल्या,

"नको गं बाळा. उत्तर अजून तेच आहे."